पैसा कायद्यातला की जीआरमधला?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

शाळांच्या पैशांबाबत उच्च न्यायालयाचा आदेश आला की दुसऱ्या दिवशीचा मथळा ठरलेला असतो : 'न्यायालयाचा सरकारला दणका'. स्टाफरूममध्ये पेढे वाटले जातात. तीन-चार महिन्यांनी तेच शिक्षक वेतन पथकाच्या (शाळांची पगारबिले पाहणाऱ्या कार्यालयाच्या) दारात उभे असतात. कारण त्या आदेशात एवढेच लिहिलेले असते की, शिक्षणाधिकाऱ्यांनी याचिकाकर्त्यांचा प्रस्ताव आठ आठवड्यांत गुणवत्तेवर निकाली काढावा. न्यायालयाने स्वतः कोणतेही मत व्यक्त केलेले नाही, असेही त्यात असते. शिक्षणाधिकारी प्रस्ताव निकाली काढतात, म्हणजे फेटाळतात. आदेशाचे पालन झाले, अवमान याचिकेलाही जागा उरली नाही. त्या 'गुणवत्तेवर' शब्दाने तर अनेक मुख्याध्यापक फसलेले आहेत. शाळेच्या गुणवत्तेशी त्याचा काही संबंध नाही. प्रस्तावातले कागद आणि लागू असलेले नियम पाहून ठरवा, एवढाच त्याचा अर्थ.

न्यायालय सरकारी निर्णय तपासते तेव्हा ते मंत्रालयाच्या खुर्चीत बसून नवा निर्णय घेत नाही. निर्णय घेणाऱ्याला अधिकार होता का, कायद्याने सांगितलेल्या वाटेने तो गेला का, पाहायच्या गोष्टी पाहिल्या आणि नको त्या बाजूला ठेवल्या का, ज्याचे नुकसान होणार त्याचे ऐकले का, आणि निर्णय कोणत्याही सारासार विचाराच्या माणसाला पटू नये इतका मनमानी आहे का, हे ते बघते. किती पैसे द्यावेत हा विधिमंडळाचा विषय. शाळांच्या बाबतीत मात्र याच्याही आधी एक प्रश्न येतो, आणि तो न विचारल्यामुळे बऱ्याच याचिका पहिल्याच तारखेला डळमळतात : मागितलेला पैसा कायद्यातला आहे की जीआरमधला, म्हणजे शासन निर्णयातला?

कायद्यातला पैसा म्हणजे शिक्षण हक्क कायद्याचा परतावा. कलम १२(१)(सी) प्रमाणे खासगी विनाअनुदानित शाळेने पहिलीच्या (किंवा पूर्वप्राथमिकच्या) किमान २५ टक्के जागा वंचित व दुर्बल घटकांना द्यायच्या आणि कलम १२(२) प्रमाणे सरकारने त्याचा खर्च भरून द्यायचा. हे सर्वोच्च न्यायालयाने १२ एप्रिल २०१२ च्या निकालात वैध ठरवले. विनाअनुदानित अल्पसंख्याक शाळा तेव्हाच वगळल्या आणि मे २०१४ मध्ये पाच न्यायमूर्तींच्या पीठाने अनुदानित अल्पसंख्याक शाळाही बाहेर काढल्या. (त्या २०१४ च्या निकालाबद्दल सप्टेंबर २०२५ मध्ये दोन न्यायमूर्तींच्या पीठाने शंका नोंदवून विषय मोठ्या पीठाकडे पाठवण्याची शिफारस केली आहे, आणि ते प्रकरण महाराष्ट्रातूनच गेलेले आहे. अल्पसंख्याक संस्थांनी फार निर्धास्त राहू नये.)

या पैशाचे काय होते ते महाराष्ट्राने २०२४ मध्ये पाहिले. ९ फेब्रुवारीला शासनाने २०१३ च्या प्रवेश नियमांत दुरुस्ती केली. ज्या विनाअनुदानित शाळेच्या एक किलोमीटर परिघात सरकारी किंवा अनुदानित शाळा आहे, तिला २५ टक्क्यांतून सूट. पुण्या-मुंबईत, नागपुरात, अगदी तालुक्याच्या गावीही एक किलोमीटरमध्ये पालिकेची, झेडपीची किंवा अनुदानित शाळा नाही अशी खासगी शाळा शोधायला दुर्बीणच लागेल. म्हणजे सूट हा अपवाद न राहता नियमच झाला. कागदावर ही प्रवेशाची दुरुस्ती होती. आमच्या मते तिच्या पोटात थकलेल्या परताव्याचा हिशेब होता.

६ मे रोजी मुंबई उच्च न्यायालयाने तिला स्थगिती दिली. १९ जुलैला मुख्य न्यायमूर्ती देवेंद्रकुमार उपाध्याय आणि न्या. अमित बोरकर यांच्या खंडपीठाने ती रद्द केली आणि ९ ऑगस्टला सर्वोच्च न्यायालयाने खासगी शाळांच्या संघटनेचे आव्हान फेटाळले. बातम्यांत गरीब मुलांचा विजय ठळक आला, तो यायलाही हवा होता. निकालाचा कणा मात्र रूक्ष आहे. नियम करण्याचा अधिकार सरकारला कलम ३८ मधून मिळतो, तो कायदा राबवण्यापुरता. संसदेने १२(१)(सी) लिहिताना 'जवळ सरकारी शाळा नसेल तर' अशी अट घातलेली नाही. जी अट मूळ कायद्यात नाही ती नियमाच्या परंतुकातून घुसवता येत नाही. शेजारशाळा काढण्याची सरकारची जबाबदारी कलम ६ मध्ये वेगळी आहे, ती पार पाडली म्हणून खासगी शाळांवरचे बंधन सुटत नाही.

हा निकाल ठरलेलाच होता असे समजण्याचे मात्र कारण नाही. कर्नाटकाने २०१८ च्या शेवटी जवळपास असाच नियम केला आणि तो तिथल्या उच्च न्यायालयात २०१९ मध्ये टिकला होता. त्यामुळे 'स्पष्ट अन्याय आहे, न्यायालय बघून घेईल' या भरवशावर राहिलेल्या पालक संघटनांना कायद्याचा शब्द न् शब्द लावून दाखवावा लागला.

वेळेचाही धडा आहे. दुरुस्ती फेब्रुवारीत, स्थगिती मे महिन्यात, निकाल १९ जुलैला, आणि राज्यातल्या शाळा जूनच्या मध्यालाच उघडतात. दरम्यान काही शाळांनी त्या जागांवर फी भरणारी मुले घेतली होती. ते प्रवेश न्यायालयाने मोडले नाहीत, कारण त्या मुलांचा काही दोष नव्हता. २५ टक्क्यांची मुले वर्गात पोचली तेव्हा पहिली चाचणी तोंडावर आली होती. प्रवेशाशी निगडित नियमाला आव्हान द्यायचे तर तो राजपत्रात आल्यापासून दोन-तीन आठवड्यांत अंतरिम स्थगितीच्या मागणीसह गेले पाहिजे. मे महिन्यात सुट्टीचे न्यायालय असते हे धरूनच दिवस मोजावेत.

आता परताव्याच्या रकमेकडे. कलम १२(२) म्हणते : सरकार स्वतः एका मुलावर जेवढा खर्च करते ती रक्कम, किंवा शाळेची प्रत्यक्ष फी, यांपैकी जी कमी ती. महाराष्ट्राने ठरवलेला दर १७,६७० रुपये आहे. पहिलीला ४० मुले असलेली शाळा घ्या. २५ टक्के म्हणजे १०, आणि आठवीपर्यंत साखळी भरली की ८० मुले. फी ४०,००० असेल तर परतावा ८० × १७,६७० म्हणजे १४,१३,६०० रुपये. दर मुलामागे राहिलेले २२,३३० रुपये शाळेने सोसायचे, एकूण १७,८६,४००. फी १२,००० असेल तर परतावा १२,००० नेच, म्हणजे ९,६०,०००. कोविडच्या २०२०-२१ या वर्षासाठी दर ८,००० वर आणला गेला, तेव्हा याच पहिल्या शाळेचे ७,७३,६०० रुपये एका फटक्यात कमी झाले. ज्या शाळेने सवलतीच्या दराने जमीन घेताना काही मुलांना मोफत शिकवण्याची अट आधीच मान्य केली आहे, तिला तेवढ्या मुलांचा परतावा मिळत नाही. हे कलमातच आहे आणि दावा करताना हमखास विसरले जाते.

दर कमी वाटतो म्हणून न्यायालयात गेलात तर न्यायालय म्हणेल, दर किती असावा हे आम्ही ठरवणार नाही. त्याऐवजी भागाकार मागा. केंद्राच्या २०१० च्या नियमांत सूत्र दिलेले आहे : सरकारने स्वतःच्या शाळांतल्या प्राथमिक शिक्षणावर वर्षभरात केलेला आवर्ती खर्च, भागिले त्या शाळांतली पटावरची मुले. अनुदानित शाळांवरचा खर्च त्यात धरायचा नाही, त्यांची मुलेही नाहीत. अंश किती, छेद किती, कोणत्या वर्षाचा, हे सरकारला प्रतिज्ञापत्रावर सांगावे लागले की खरी लढाई सुरू होते. आकडा सूत्रातून निघाला नसेल, तिजोरीकडे बघून ठरवला असेल, तर तो निर्णय कायद्याने सांगितलेल्या वाटेने झालेला नाही, आणि हे तपासणे मात्र न्यायालयाचेच काम आहे. माहिती अधिकारात हा भागाकार आधीच मागून ठेवावा. 'माहिती उपलब्ध नाही' असे उत्तर आले तर ते जपून ठेवा, याचिकेला जोडायला त्याहून चांगला कागद नाही.

'केंद्राकडून हिस्सा आलेला नाही' हे उत्तर परताव्याच्या बाबतीत चालत नाही. समग्र शिक्षा योजनेत केंद्र-राज्य वाटा ६०:४० आहे हे खरे. पण तामिळनाडूने केंद्राच्या पीएम-श्री शाळा योजनेच्या (नवे शैक्षणिक धोरण राबवण्याची अट असलेल्या) करारावर सही केली नाही म्हणून केंद्राने समग्र शिक्षेचा निधी अडवला, राज्याने २५ टक्क्यांचे प्रवेश थांबवले, आणि प्रकरण मद्रास उच्च न्यायालयात गेले. जून २०२५ मध्ये त्या न्यायालयाने दोघांनाही खडसावले : परतावा देण्याचे बंधन राज्याचे आहे, केंद्राचे पैसे आले नाहीत ही सबब त्याला सांगता येणार नाही, आणि निधीतला शिक्षण हक्काचा भाग नव्या शैक्षणिक धोरणाशी जोडू नये, याचा केंद्राने विचार करावा. अडलेल्या निधीसाठी त्या राज्याने अनुच्छेद १३१ खाली सर्वोच्च न्यायालयात व्याजासह २,२९१ कोटी रुपयांचा दावाही लावला आहे. तिजोरीत पैसे नाहीत म्हणून कायद्याने लादलेले कर्तव्य टळत नाही, हे तर सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये रतलाम नगरपालिकेला गटारांच्या प्रकरणात सांगितले होते. ते तत्त्व इथे चपखल बसते.

जीआरमधल्या पैशाला ते बसत नाही. गाडी अडते ती इथे.

वेतन अनुदान, टप्पा अनुदान (वेतनाचा सरकारी वाटा टप्प्याटप्प्याने वाढवत जाणारे), तुकडीवाढीचे अनुदान हे सारे शासनाच्या धोरणातून येते. २७ सप्टेंबर २०२१ रोजी उत्तर प्रदेशातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निःसंदिग्ध शब्दांत सांगितले की अनुदान मिळणे हा मूलभूत हक्क नाही. शाळा अल्पसंख्याक असो वा नसो. अनुदान देताना सरकार अटी घालू शकते, आर्थिक ओढाताण हा विचारात घेण्याजोगा मुद्दा आहे, आणि अटी मान्य नसतील तर संस्थेने अनुदान घेऊ नये. त्या निकालानंतर 'आम्हाला शंभर टक्के अनुदान द्या' अशी थेट मागणी घेऊन जाणे म्हणजे सरकारी वकिलांचे काम हलके करणे.

महाराष्ट्रातला प्रवास सगळ्यांना तोंडपाठ आहे, तरी एकदा कायद्याच्या चष्म्यातून बघा. 'कायम विनाअनुदानित' मधला 'कायम' शब्द २००९ मध्ये निघाला. शब्द निघाला म्हणून अनुदान सुरू झाले नाही. फक्त अनुदान मागण्याची मनाई उठली. मूल्यांकनाचे निकष १५ नोव्हेंबर २०११ च्या शासन निर्णयाने आले. २० टक्क्यांचा पहिला हप्ता हातात पडायला २०१६ उजाडले. १३ सप्टेंबर २०१९ ला पुढचा २० टक्के, ६ फेब्रुवारी २०२३ ला २०-४०-६० चे टप्पे, ऑक्टोबर २०२४ मध्ये आणखी २० टक्क्यांची घोषणा, आणि तिच्या अंमलबजावणीसाठी जुलै २०२५ मध्ये पुन्हा आझाद मैदान. महिन्याचे देय वेतन ५०,००० असलेला शिक्षक २० टक्क्यांवर १०,००० घेतो. पुढचा टप्पा सहा महिने लांबला तर त्याचे ६०,००० बुडतात आणि ते मागे जाऊन मिळत नाहीत, कारण जीआरच्या तळाशी 'पूर्वलक्षी थकबाकी अनुज्ञेय राहणार नाही' आणि 'निधीच्या उपलब्धतेच्या अधीन राहून' अशी वाक्ये असतात. मथळा ठरतो पहिल्या पानावरून, प्रकरण ठरते या वाक्यांवरून.

मग जीआरच्या पैशासाठी न्यायालयाचे दार बंदच का? तसेही नाही. देणे-न देणे सरकारच्या हातात असले, तरी एकदा द्यायचे ठरवल्यावर सारख्या स्थितीतल्या दोन शाळांत भेद करणे अनुच्छेद १४ मध्ये बसत नाही. याचे आपल्याच राज्यातले उदाहरण १९९५ चे आहे. कला, विज्ञान, वाणिज्य, अभियांत्रिकी, वैद्यक या शाखांच्या खासगी महाविद्यालयांना अनुदान आणि मान्यताप्राप्त विधी महाविद्यालयांना मात्र नाही, हा भेद मुंबई उच्च न्यायालयाने अमान्य केला आणि सर्वोच्च न्यायालयानेही महाराष्ट्र सरकारचे अपील फेटाळून विधी महाविद्यालयांना अनुदानाच्या कक्षेत आणायला लावले. अल्पसंख्याक संस्थांना अनुदान देताना भेदभाव नको हे अनुच्छेद ३०(२) वेगळेच सांगतो.

भेदभावाचा मुद्दा मांडताना एक खड्डा आहे, त्यात फार जण पडतात. 'शेजारच्या शाळेत पट कमी असूनही तिला अनुदान मिळाले, मग आम्हाला का नाही?' शेजारच्या शाळेला ते चुकून किंवा गैरमार्गाने मिळालेले असेल तर त्या चुकीची बरोबरी मागता येत नाही. नागपूर विभागातले बनावट शालार्थ आयडीचे (शिक्षकांच्या ऑनलाइन पगार प्रणालीतल्या क्रमांकाचे) प्रकरण २०२५ मध्ये उघडकीस आल्यापासून तर हा युक्तिवाद उलटण्याचीच भीती अधिक : शेजाऱ्याची चौकशी लागते आणि आपली फाईलही तिच्यासोबत खाली जाते. तुलनेची शाळा निवडताना तिची संच मान्यता (मंजूर पदांचा आदेश), बिंदुनामावली (आरक्षणानुसार पदांची नोंद) आणि मूल्यांकनाचा अहवाल माहिती अधिकारात मिळवून, ती खरोखर नियमात बसून पात्र ठरली आहे याची खात्री करूनच तिचे नाव याचिकेत घालावे.

नकाराचे पत्र नीट वाचणे हा सर्वांत दुर्लक्षित भाग. नमुना साधारण असा असतो : 'उपरोक्त संदर्भीय प्रस्तावाची तपासणी केली असता शाळा विहित निकषांची पूर्तता करीत नसल्याने प्रस्ताव अमान्य करण्यात येत आहे.' कोणता निकष, कोणत्या वर्षीचा पट, तपासणी कोणी व कधी केली, काही नाही. असे एकोळी पत्र आले की मुख्याध्यापक घाबरून नवे विनंतीपत्र लिहितात. खरे तर हे पत्र म्हणजे हातात आलेले हत्यार आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या १९७८ च्या मोहिंदरसिंग गिल निकालापासून नियम असा की, सरकारी आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकतो किंवा पडतो. मागाहून प्रतिज्ञापत्रात नवी कारणे भरून तो उभा करता येत नाही. म्हणून त्या पत्राला उत्तर लिहून 'कृपया त्रुटी कळवाव्यात' अशी विनंती करण्यापूर्वी विचार करा. तुमच्या विनंतीवरून आठ त्रुटींचे सविस्तर पत्र आले, की अर्धवट आदेशाची जागा सकारण आदेश घेतो आणि तुमचा सर्वांत भक्कम मुद्दा तुम्हीच घालवलेला असतो. त्रुटी खरोखरच असेल, समजा बिंदुनामावली मागासवर्ग कक्षाकडून तपासून घ्यायची राहिली असेल, तर मात्र ती आधी पूर्ण करा. न्यायालय ती पूर्ण झाली असे मानून चालणार नाही.

याउलट काहीच उत्तर आलेले नसेल तर आधी लेखी मागणी लागते. परमादेश (सरकारने अमुक करावे असा न्यायालयाचा हुकूम) मागायचा तर मागणी केली होती आणि ती नाकारली किंवा अडवून ठेवली, हे दिसले पाहिजे. मागणीपत्रात जीआरचा दिनांक, त्यातले कलम, शाळेचा यू-डायस क्रमांक, पात्र ठरल्याचा आदेश आणि नेमकी कोणत्या महिन्यापासूनची किती रक्कम हे लिहा, आवक क्रमांकाचा शिक्का घ्या, तीस दिवस थांबा. पण स्मरणपत्रांमागून स्मरणपत्रे पाठवत बसू नका. विनंत्या करत राहिल्याने विलंब माफ होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. रिट याचिकेला ठरलेली मुदत नसली, तरी २००८ च्या तरसेमसिंग निकालाप्रमाणे वेतनाच्या थकबाकीचा हक्क साधारणपणे याचिकेआधीच्या तीन वर्षांपुरताच मिळतो. २०१९ ची थकबाकी मागायला २०२६ मध्ये गेलात तर पहिली चार वर्षे गेली असेच समजा.

प्रतिवादी कोणाला करायचे यातही चुका होतात. शिक्षणाधिकारी आणि वेतन पथकाचे अधीक्षक एवढ्यांनाच केले तर ते म्हणणार, तरतूद नाही. शालेय शिक्षण विभागाचे सचिव, शिक्षण संचालक आणि विभागीय उपसंचालक हवेतच. निधीचा प्रश्न असेल तर वित्त विभागही. वेतन मागणाऱ्या शिक्षकांनी संस्थेलाही प्रतिवादी करावे, कारण अनुदान संस्थेला मिळते. शाळा पात्र असली तरी ज्याच्या नेमणुकीला वैयक्तिक मान्यता नाही किंवा शालार्थमध्ये नाव नाही, त्याचे बिल निघत नाही. हे तीन वेगवेगळे आदेश आहेत आणि एका आदेशाच्या विजयात बाकीचे दोन येत नाहीत. दाखल कुठे करायचे याबाबत सोय थोडी वाढली आहे : १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ सुरू झाले, त्यामुळे सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूरच्या शाळांना मुंबईची फेरी उरलेली नाही.

शेवटचा भाग विनंती कलमाचा, म्हणजे याचिकेत न्यायालयाकडे नेमके काय मागायचे त्याचा. 'प्रस्ताव विचारात घ्यावा' एवढेच मागितले तर तेवढेच मिळते, आणि सुरुवातीला सांगितलेला पेढ्यांचा प्रकार होतो. मागायचे ते असे : अमुक तारखेचा नकार रद्द करावा, फक्त नमूद जीआरचे निकष आणि नमूद वर्षाचा पट धरून, आम्हाला ऐकून, निकषनिहाय कारणांसह अमुक आठवड्यांत नव्याने आदेश द्यावा, पात्र ठरल्यास पुढच्या पुरवणी मागण्यांत (अधिवेशनात मंजूर होणाऱ्या जादा खर्चात) तरतूद प्रस्तावित करावी आणि तोपर्यंत सध्याचा टप्पा थांबवू नये. पुरवणी मागणीचा उल्लेख मुद्दाम केला. विधिमंडळाने मंजूर केल्याशिवाय एकत्रित निधीतून रुपया काढता येत नाही. न्यायालयाने आदेश दिला तरी २२०२ (सर्वसाधारण शिक्षण) या लेखाशीर्षाखाली रक्कम नसेल तर कोषागार बिल परत करणार. अधिवेशनाच्या महिनाभर आधी हातात आदेश असणे आणि अधिवेशन संपल्यावर तो मिळणे यात आर्थिक वर्षाचा फरक पडू शकतो.

जिंकूनही हात रिकामे राहण्याचे सर्वांत ठसठशीत उदाहरण इंग्लंडचे आहे. जुलै २०१० मध्ये तिथले शिक्षणमंत्री मायकेल गोव्ह यांनी शाळा-इमारती नव्याने बांधण्याची योजना गुंडाळली, सातशेहून अधिक शाळांची कामे थांबली. सहा स्थानिक परिषदा न्यायालयात गेल्या. फेब्रुवारी २०११ मध्ये न्या. होल्मन यांनी सांगितले की ज्यांची कामे शेवटच्या टप्प्यात होती त्यांच्याशी सल्लामसलत न करणे हा अधिकाराचा दुरुपयोग होता. खुल्या मनाने पुन्हा विचार करा. मंत्र्यांनी पुन्हा विचार केला, करारापोटी झालेला काही खर्च देऊ केला, आणि इमारती काही परत दिल्या नाहीत. प्रक्रियेतली चूक सुधारून तोच निर्णय पुन्हा घेता येतो. आपल्याकडच्या 'निकाली काढावा' आदेशांचीही हीच गत आहे, म्हणून प्रक्रियेच्या मुद्द्यासोबत कायद्याचा किंवा समानतेचा मुद्दा हवाच. एकट्या सुनावणीच्या मुद्द्यावर गेलात तर सुनावणीच मिळेल.

आदेश मिळाल्यावर प्रमाणित प्रत घेऊन ती प्रत्येक प्रतिवादीला पोच घेऊन द्या, कारण मुदत बहुधा प्रत मिळाल्यापासून मोजली जाते. मुदत उलटली की अवमान याचिकेला एक वर्षाची मर्यादा आहे (न्यायालय अवमान अधिनियम, १९७१, कलम २०). 'साहेब नवीन आले आहेत, मार्चनंतर बघू' यात ते वर्ष निघून गेल्याची प्रकरणे थोडी नाहीत.

आपल्याला एक विनंती. अनुदानाच्या निकालाची बातमी छापताना मथळा हवा तो द्या, पण खाली चार गोष्टी द्याव्यात : याचिका क्रमांक, खंडपीठ, आदेशातल्या शेवटच्या परिच्छेदाचे शब्दशः भाषांतर, आणि दिलेली मुदत. चार ओळींत मावते.

आपले,
शालेय अनुदान व परताव्याच्या प्रकरणांचे काम पाहणारे काही वाचक